दोन कटांत निघणारा माणूस

गजानन तेंडोलकर हा माणूस मला कधीच आवडला नाही, आणि तो गेल्यावर आवडायला लागला असंही झालेलं नाही. गेल्या महिन्यात तो गावी वारल्याची बातमी आली, तेव्हा आमच्या सोसायटीच्या सेक्रेटरीने मला जिन्यात गाठलं. म्हणाला, "तुम्ही पिक्चर लाइनमधले, ते तुमचे वरचे शेजारी. नोटीस बोर्डावर लावायला चार चांगले शब्द लिहून द्या ना." मी म्हटलं, चांगले चार शब्द माझ्याकडे नाहीत, वाईट हवे असतील तर वहीभर देतो. सेक्रेटरी तरुण आहे, त्याला वाटलं मी गंमत करतोय. शेवटी त्याने स्वतःच 'हसतमुख कलाकार' वगैरे लिहून कागद लावला. तेंडोलकर हसतमुख अजिबात नव्हता. पन्नास-साठ पिक्चरमध्ये त्याने डॉक्टर, वकील, इन्स्पेक्टर आणि घरचा जुना नोकर जवळजवळ एवढंच केलं. यातल्या एकालाही हिंदी पिक्चरमध्ये हसायची सोय नसते.

आमची बिल्डिंग अंधेरी पूर्वेला, चकाल्याच्या बाजूला. चार मजले, सोळा बिऱ्हाडं, लिफ्ट नाही. आम्ही दुसऱ्या मजल्यावर आणि तेंडोलकर आमच्या बरोबर डोक्यावर. पूर्वी तो परळला गिरणीत होता. गिरणीच्या नाटकांत कामं करता करता त्याला कुणीतरी पिक्चरमध्ये नेलं आणि त्याने गिरणी सोडली. गिरणीवाल्यांचं पुढे काय झालं हे सगळ्यांना माहीत आहे, त्यामुळे आपण किती दूरदृष्टीचे ठरलो हे तो ब्याऐंशीच्या संपानंतर दर गणपतीत सांगायचा. घर मात्र खरं तर त्याच्या बायकोच्या, शालूवहिनींच्या, शिवणयंत्रावर चालायचं. अर्ध्या चकाल्याचे ब्लाउज त्या माउलीने शिवले असतील.

मी तेव्हा पंचविशी ओलांडलेला, एका एडिटरकडे असिस्टंट. पश्चिमेला एका इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये दुसऱ्या मजल्यावर आमची खोली होती. खाली रबराचे वॉशर बनवायचे, वर आम्ही पिक्चर कापायचो. आमच्या एडिटरला सगळे दादा म्हणत. दादांच्या हाताखाली मी फिल्म जोडायची, तुकडे नंबर घालून डब्यात ठेवायचे आणि दादा सांगतील तिथे कात्री मारायची, हे माझं काम.

तेंडोलकरला हे कळलं आणि माझं नशीब फुटलं. पहिल्याच आठवड्यात त्याने मला जिन्यात अडवलं, खांद्यावर हात ठेवला आणि विचारलं, "काय रे सुधीर, तुमी लोक कोणाला कापता?"

मी म्हटलं, "लांबी वाढली की जे नको असेल ते."

"चूक," तो म्हणाला. खांदा सोडला नव्हताच. "जो मोकळा उभा असतो त्याला कापता. ज्याचा हात हिरोच्या अंगावर आहे त्याला कापून दाखव. हिरोचा खांदा कापशील?"

हे त्याचं तत्त्वज्ञान, आणि हीच त्याची सगळी अभिनयकला. मला ते कळलं आणि मग मी त्याला पडद्यावर बघितलं की माझं डोकं फिरायला लागलं. डॉक्टर झाला की हिरोचा हात हातात घेणार. वकील झाला की कागद पुढे करणार आणि आपलं वाक्य संपेपर्यंत कागदाचं टोक सोडणार नाही. हिरो बिचारा दुसऱ्या टोकाला धरून उभा. नोकर झाला की मालकिणीच्या खांद्यावर शाल घालणार आणि ती नीट करत बसणार. शिवाय समोरच्याचं वाक्य संपायच्या आत आपलं सुरू करायचं, म्हणजे दोघांचे आवाज एकमेकांत अडकतात आणि एडिटरला मध्ये कात्री घालता येत नाही. एकदा दादा मशीनवर बसून वैतागले, "ये आदमी एक्टर है कि गोंद?" मी हसलो, पण सांगितलं नाही की हा गोंद माझ्या घराच्या वर राहतो.

हे पडद्यापुरतं असतं तर मी काही बोललो नसतो. पण तेंडोलकर जिन्यातसुद्धा तसाच वागायचा. तुमचं पत्र त्याच्याकडे चुकून गेलं तर तो ते आणून द्यायचा, पण पाकिटाचं टोक धरून ठेवायचा आणि आपली शूटिंगची हकिकत संपवायचा. तुम्ही "अहो काका, मला जरा..." एवढं म्हणेपर्यंत त्याचं पुढचं वाक्य सुरू झालेलं असायचं. माझ्या बहिणीच्या, वीणाच्या, लग्नाच्या अल्बममध्ये हा माणूस एकोणीस फोटोंत आहे. मी मोजलेत. आमचे सख्खे मामा चार फोटोंत. सप्तपदीच्या फोटोत त्याचा हात नवऱ्यामुलाच्या खांद्यावर आहे आणि नवरामुलगा त्या हाताकडे बघतोय. वीणाच्या सासरी कितीतरी दिवस त्यांना वाटत होतं की हे मुलीचे थोरले काका. कुणी विषय काढलाच तर तेंडोलकर मालवणीत जायचा, म्हणजे मनापासून बोलायचा, "फ्रेमीत आसलंस तर आसलंस. नायतर कोण इचारता?"

आणि तो पांढरा कोट. त्या काळी छोट्या कामांना प्रोडक्शनवाले कपडे देत नसत, आणि ज्याचे कपडे घरचे त्याला आधी बोलवत. तेंडोलकरने वाकोल्याच्या एका टेलरकडून सगळा संच शिवून घेतला होता: डॉक्टरचा कोट, वकिलाचा कोट, इन्स्पेक्टरची खाकी. स्टेथोस्कोपसुद्धा स्वतःचा. शालूवहिनी ते सगळं धुवून, निळीतून काढून गॅलरीत वाळत घालायच्या, त्यामुळे समोरच्या चाळीतल्या लोकांना वाटायचं की आमच्याकडे एका घरात डॉक्टर, वकील आणि फौजदार असे तीन भाऊ राहतात. एकदा तिथली एक बाई तापलेलं पोर घेऊन तिसऱ्या मजल्यावर आली. दुसरा कुणीही असता तर म्हणाला असता, बाई, मी डॉक्टर नाही. यानं स्टेथोस्कोप काढला, पोराच्या छातीला लावला, डोळे मिटले आणि म्हणाला, "घबराने की कोई बात नहीं." बाई निघून गेली. पोर बरं झालं, ते आपल्या नशिबाने. तेंडोलकरने मात्र ती केस वर्षभर सांगितली.

तो शूटिंगवरून घरी येतानासुद्धा कोट अंगातून काढत नसे. "कोट असला की बसमध्ये लोक उठून जागा देतात रे," म्हणायचा. याचं तेव्हा आम्हाला हसू यायचं.

माझे वडील एक्याऐंशी साली गेले. सकाळी छातीत दुखलं, आम्ही त्यांना टॅक्सीत घालून हॉस्पिटलात नेलं, त्यांनी आयसीयूत घेतलं आणि दार लावलं. आई, वीणा आणि मी बाहेरच्या बाकावर. दार उघडलं की नर्स हाताने थोपवायची, "आत कोणी नाही, थांबा." दुपारी दोनच्या सुमाराला तेंडोलकर आला. जुहूच्या एका बंगल्यात शूटिंग होतं, तिथून घरी आला होता, वहिनींनी सांगितलं तसा तडक इकडे आला. चेहऱ्यावर मेकअप, अंगात पांढरा कोट, गळ्यात स्टेथोस्कोप. आमच्याकडे बघून त्याने नुसती मान हलवली आणि तो सरळ आयसीयूच्या दारातून आत गेला. नर्स बाजूला झाली. बाजूला झाली! आम्ही घरची तीन माणसं बाहेर आणि हा आत.

वीस मिनिटं तो आत होता. मग दार उघडलं. तो बाहेर आला, दोन पावलं टाकून थांबला. चष्मा काढला. आईकडे बघितलं, मग माझ्याकडे. माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि मान सावकाश डावीकडून उजवीकडे हलवली. खालचा ओठ दाताखाली. एक शब्द नाही. हा सीन त्याने आयुष्यात तीस वेळा तरी केला असेल, त्यामुळे कुठेही चुकला नाही. माझी आई ती मान हलताना बघून खाली बसली. खऱ्या डॉक्टरला यायला आणखी पाच मिनिटं लागली. तो पोरसवदा डॉक्टर बिचारा अडखळत काहीतरी सांगायला लागला, पण तोवर आमच्याकडे सगळं होऊन गेलं होतं.

माझ्या वडिलांचा शेवटचा श्वास त्या माणसाने बघितला आणि मी बघितला नाही. याचं मी काय करू? बरं, ते शेवटी काही बोलले का, हे विचारायला दुसरं कुणी नव्हतं. तेराव्याच्या आत मी त्याला विचारलं. तो म्हणाला, "तुझं नाव घेतलं रे. सुधीरला सांगा, आईला सांभाळ." मला भरून आलं, खोटं कशाला बोलू. नंतर कळलं, आईला त्याने सांगितलं होतं की ते तिचं नाव घेत होते. वीणाला सांगितलं, "वीणाची ओटी भरायची राहिली म्हणाले." माझ्या चुलत्यांना सांगितलं की भावाची आठवण काढली. गच्चीवर एका संध्याकाळी मी त्याची कॉलर धरायची बाकी ठेवली होती. "काका, खरं सांगा. ते बोलले तरी का?"

त्याने माझ्या मनगटावर हात ठेवला. म्हणाला, "ज्याला जे पायजे होतं ते तुझे वडील बोलले. तुला त्रास कसला होतोय?"

त्या दिवसापासून मी त्याचा हात अंगाला लागू दिला नाही. जिन्यात तो दिसला की मी भिंतीला घासून जायचो. आई म्हणायची, "अरे, त्याने चांगल्या मनाने केलं." असेल. चांगल्या मनाने वाट लावणारी माणसं मला जास्त सहन होत नाहीत.

आता शालूवहिनींबद्दल सांगायला हवं, कारण पुढची गोष्ट त्यांची आहे. नवऱ्याचे पन्नास पिक्चर झाले, पण वहिनी एकही बघायला गेल्या नव्हत्या. खरं तर एक बघितला होता, अगदी सुरुवातीचा. त्यात तेंडोलकर मुनीम होता आणि व्हिलनचा माणूस त्याला जिन्यावरून लाथ मारून खाली पाडतो. वहिनी त्या जागेवरून उठल्या आणि थिएटरबाहेर येऊन उभ्या राहिल्या. "तुमका कोण मारताना माका बगवना नाय," एवढंच म्हणाल्या, आणि पुन्हा कधी गेल्या नाहीत. सोसायटीत कुणी रविवारी भाड्याने व्हिडिओ आणला आणि त्यात तेंडोलकर असला, की सगळ्या बिल्डिंगला तो स्वतः बोलावून आणायचा, टीव्हीच्या बाजूला उभा राहून "आता बघा, आता येतोय" करायचा, पण वहिनी वर मशीन चालवत बसायच्या. आम्हाला खाली टीव्हीच्या आवाजात वरची खडखड ऐकू यायची. त्याला ते लागायचं. माझ्या आईलाही तो वहिनी म्हणायचा, एकदा तिच्याजवळ बोलला होता, "सगळ्या हिंदुस्थानाने बघितला वहिनी मला, घरात बघितला नाय."

मग पंच्याऐंशीत ते काम आलं. डायरेक्टर नवा होता, शिकून आलेला, चष्म्याचा. त्याने तेंडोलकरला एका बापाचं काम दिलं. हॉस्पिटलात लिफ्ट चालवणारा साधा माणूस, त्याचा मुलगा व्हिलनच्या गोदामात जळून मेलाय. पोलीस स्टेशनात त्याला ओळख पटवायला बोलावतात. इन्स्पेक्टर चहा मागवतो. अडीच मिनिटांचा सीन, जवळजवळ सगळा त्याच्यावर. कुणी त्याला मारत नाही, तो कुणाला मारत नाही. शालूवहिनींनी बघायला हरकत नाही असा त्याच्या आयुष्यातला हा पहिला सीन.

पिक्चर आमच्याकडेच एडिटिंगला येणार होता. शूटिंगच्या आधी तेंडोलकर आमच्या खोलीवर आला. मी एकटाच होतो. म्हणाला, "सुधीर, टेबल आडवं आहे रे. इन्स्पेक्टर त्या बाजूला, मी या बाजूला. हात पोचत नाय. काय करू? कागद मागू त्याच्याकडे?"

मी मान वर न करता म्हटलं, "काका, एकदा तरी कुणाला न चिकटता काम करा. हात स्वतःच्या कपाभोवती ठेवा. समोरच्याचं पूर्ण बोलणं ऐका, मग बोला."

"कापणार नाय ना मग?"

"चांगलं काम कोण कापतं?"

हे मी का म्हटलं, ते मला आजही नक्की सांगता येत नाही. सल्ला बरोबर होता. पण मोकळा माणूस किती सहज कापता येतो, हे त्या खोलीत माझ्याइतकं कुणाला माहीत होतं?

त्याने ऐकलं. रशेस, म्हणजे शूटिंगची न कापलेली फिल्म, आल्या, मी आणि दादा बघायला बसलो. पडद्यावर तेंडोलकर बसलेला, दाढी वाढलेली, दोन्ही हात कपाभोवती. इन्स्पेक्टर विचारतो, ओळख पटली का. तो होकार देतो. इन्स्पेक्टर म्हणतो, चाय लीजिए. तेंडोलकर एक घोट घेतो, कप खाली ठेवतो आणि म्हणतो, "चीनी ज़्यादा है, साहब. लड़का डाँटेगा." आणि बोलल्यावर त्याच्या लक्षात येतं. बस, एवढंच. तो रडत नाही, ओठ चावत नाही, चष्मा काढत नाही. कपाकडे बघत राहतो. दादांनी मशीन थांबवलं. "ये वही गोंद है?" म्हणाले. मी म्हटलं, हो. मला त्याचा भयंकर राग आला. हे येत होतं तुला? मग माझ्या बापाच्या वेळी कुठे ठेवलं होतंस?

डबिंगही झालं. तेंडोलकर डबिंग थिएटरातून घरी आला तो जिन्यात गुणगुणत. मग सगळा पिक्चर जोडून वितरकांना दाखवला, आणि ते म्हणाले, दहा मिनिटं लांब आहे. डायरेक्टर नवा, त्याचं कोण ऐकतो? दादांनी यादी काढली. एक कॉमेडी गाणं होतं साडेतीन मिनिटांचं, पण त्यावर खर्च झाला होता. बोट फिरत फिरत पोलीस स्टेशनवर आलं. दादांनी ते तिथेच ठेवलं. मग म्हणाले, "सुधीर, ये पूरा दो कट में निकल जाएगा. किसी को पता भी नहीं चलेगा." माझ्याकडे बघितलं. त्यांची इच्छा होती मी काहीतरी बोलावं. ते गाणं कापू या, असं मी म्हटलं असतं तर दादांनी वितरकांशी भांडण केलं असतं. ते तसे होते. मी कात्री उचलली. आधीचा सीन संपतो तिथे एक, पुढचा सुरू होतो तिथे एक. तुकडा गुंडाळला आणि नंबर घालून डब्यात ठेवला.

रिलीजला तेव्हा अठरा दिवस होते. ते अठरा दिवस तेंडोलकर सगळ्या बिल्डिंगला पहिल्या दिवसाचं आमंत्रण देत फिरत होता. अंधेरीच्याच थिएटरात, शुक्रवारी तीनचा शो, पुरी एक रांग. शालूवहिनींनी मशीनवर घेतलेले कपडे बाजूला ठेवले आणि स्वतःसाठी ब्लाउज शिवला. गावाहून त्यांचा भाऊ आला. रोज जिन्यात तेंडोलकर मला विचारायचा, "काय, चांगला बसलाय ना रे सीन?" आणि मी म्हणायचो, "बघालच आता." एका वाक्याचं काम होतं. काका, गेला तो. मी म्हटलं नाही. आईलासुद्धा सांगितलं नाही. मला वाटत होतं, एकदा याला बाकावर बसून दाराकडे बघत राहायला काय वाटतं ते कळू दे.

शुक्रवारी मी वहिनींपासून दोन खुर्च्या सोडून बसलो होतो. त्यांनी पदर दोन्ही खांद्यांवरून घेतला होता, देवळात बसल्यासारखा. अर्ध्या तासाने हळूच विचारलं, "तुमचा काम कदी येता?" तेंडोलकर म्हणाला, "येतला आता. इंटरव्हलनंतर." इंटरव्हल झालं. गोदाम जळलं. तेंडोलकर खुर्चीत पुढे सरकला आणि पहिल्यांदा मी बघितलं की त्याने बायकोचा हात धरलाय. आणि पडद्यावर एकदम ते कॉमेडी गाणं सुरू झालं. रांगेत कुणाला काहीच कळलं नाही, दादा म्हणाले होते तसंच. फक्त तेंडोलकरला कळलं. तो तसाच पुढे सरकून बसलेला राहिला, शेवटपर्यंत. कदाचित पुढे घातला असेल, असं त्याला वाटत असावं. व्हिलन मेला, हिरो-हिरॉइन भेटले, दिवे लागले. बिल्डिंगची माणसं चपला शोधत खाली बघत उठली. वहिनी म्हणाल्या, "गाणी बरी होती," आणि भावाला म्हणाल्या, "चल रे."

त्यानंतर तो आमच्या वर आणखी चार वर्षं राहिला, पन्नासाचे साठ पिक्चर केले, मग दोघं गावी गेली. पण माझ्यापुरता तो संपतो त्या शुक्रवारनंतरच्या बुधवारी.

दुपारी बाराची वेळ. दादा जेवायला गेले होते. दारात तेंडोलकर उभा, आणि मागे शालूवहिनी, त्याच नव्या ब्लाउजात. दोन मजले चढून त्यांना धाप लागली होती. तेंडोलकरने खांद्यावर हात ठेवला नाही, दारातूनच म्हणाला, "सुधीर, कापलेला तुकडा असतो ना रे तुमच्याकडे? हिला एकदा दाखव."

असतो. डबा माझ्याच अक्षरात नंबर घालून फळीवर होता. मी म्हटलं, "आवाज नाही काका. आवाजाच्या पट्ट्या आम्ही पुसून दुसऱ्या पिक्चरला वापरतो. नुसतं चित्र आहे."

"चलेल. आवाज मी देतो."

मी वहिनींना स्टूल दिलं. मशीनचा पडदा वहीएवढा. मी फिल्म लावली आणि चालू केली. तेंडोलकर मशीनच्या बाजूला उभा राहिला, हात मागे बांधून, आणि बोलायला लागला. इन्स्पेक्टरचं तोच बोलला, आपलंही तोच बोलला. ओठाला ओठ जुळत होता. पडद्यावरच्याने कप उचलला तसा हा थांबला, आणि मग अगदी हळू म्हणाला, "चीनी ज़्यादा है, साहब. लड़का डाँटेगा." खाली वॉशरची मशीनं धाडधाड करत होती तरी मला ते स्वच्छ ऐकू आलं. वहिनी एकदा पडद्याकडे बघत होत्या, एकदा बाजूला उभ्या नवऱ्याकडे. नक्की कुणाकडे बघायचं ते त्यांना ठरवता येईना. मग तुकडा संपला आणि पडदा पांढरा झाला.

तेंडोलकर माझ्याकडे वळला. आयुष्यात पहिल्यांदा त्याने मला पुरतं बोलू द्यायचं ठरवलेलं दिसत होतं. म्हणाला, "मग कापला कशाला रे? खरं सांग."

सांगण्यासारखं पुष्कळ होतं. वितरकांना लांब वाटला. तुम्ही पहिल्यांदा मोकळे बसलात. तुम्ही इतकं चांगलं केलंत की दादांनी मशीन थांबवलं होतं. मी एक शब्द बोललो असतो तर वाचला असता. हे सगळं माझ्या तोंडाशी होतं, आणि त्याने फक्त शेवटचं तेवढं सोडून बाकी काहीही ऐकलं असतं तरी तो सुखाने घरी गेला असता. त्याला ते सुख द्यायला माझी जीभ उचलेना.

"फोकस सॉफ्ट होता, काका," मी म्हटलं. "चित्र पुसट आलं. कॅमेरावाल्याची चूक."

त्याचा चेहरा असा उजळला की मी बघतच राहिलो. "माका वाटलाच!" तो वहिनींकडे वळून जवळजवळ ओरडला. "ऐकलंस? माजी चूक नाय. कॅमेरावाल्यान वाट लावल्यान."

शालूवहिनी स्टुलावरून उठल्या. पदर सारखा केला. त्याच्याकडे नाही, माझ्याकडे बघून म्हणाल्या, "माका तर सगळा दिसला."

"तुका काय कळता?" तेंडोलकर हसला. "मोठ्या पडद्यार दिसता ता." आणि तिच्या कोपराला धरून तिला जिन्याकडे घेऊन गेला. उतरताना तो तिला फोकस म्हणजे काय ते समजावून सांगत होता, पायरी-पायरीला थांबून. खाली वॉचमनलाही थांबवून त्याने तेच सांगितलं. कॅमेरावाल्याला त्याने कचकचीत शिवी दिली, आणि वॉचमनसुद्धा हो हो म्हणाला.

मी वर दारात उभा राहून ऐकत होतो. ते दोघं फाटकापर्यंत पोचेपर्यंत मला हाक मारता आली असती. मी मारली नाही.